पाठमोरा महात्मा

ज्यांचं नाव मी इथं घेत नाही, ते तुमच्या खिशात आहेत, नोटेवर. त्यांनी आपल्याला स्वातंत्र्य मिळवून दिलं आणि आपण त्यांना पडद्यावर नेऊन उभं केलं. पडद्यावरचे ते मी आयुष्यभर बघत आले आहे. त्यांना कधी घाम येत नाही, अंगावर माशी बसत नाही. बोलायच्या आधी ते लांब कुठंतरी बघतात, चालायला लागले की मागं बासरी सुरू होते. भोवतीच्या गरिबांचे कपडे आधी इस्त्री करून मग फाडलेले असतात. शाळेत मी तीस वर्षं मराठी शिकवलं आणि दर जयंतीला पोरांच्या तोंडून तेच ते भाषण ऐकलं, त्यामुळं हा माणूस माझ्या सवयीचा होता. पण तो माझ्या घरात घुसेल आणि माय-लेकरांत बिब्बा घालेल, असं काही मला वाटलं नव्हतं.

आम्ही राजूरला राहतो. आमचे हे गुरांच्या सरकारी दवाखान्यात ड्रेसर होते, आता निवृत्त आहेत. अंगावर मांस म्हणाल तर नावाला. फासळ्या लांबून मोजून घ्याव्यात. लहानपण बापाच्या मेंढरांमागं गेलं, त्यामुळं चाल अशी की मी सोबत निघाले तर मला पळावं लागतं. लग्नापासून मी त्यांची पाठच बघत आले आहे. डोक्यावर मात्र दाट केस आणि ओठावर भरघोस मिशा. त्या मिशांचा त्यांना माझ्यापेक्षा जास्त लळा होता.

थंडी सरत आली होती तेव्हा हसनाबादच्या बाजूला एका माळावर मोठ्या वेब सिरीजचं शूटिंग लागलं. माळ आपला, पण पडद्यावर तो गुजरातेत जाणार होता. मुख्य काम करणारा हिरो मुंबईचा. त्याला पुढच्या सिनेमात नवरदेव व्हायचं होतं, म्हणून देशासाठी केस द्यायला तो तयार नव्हता. त्यानं डोक्यावर टकलाची रबरी टोपी घातली. समोरून ती छान दिसायची, पण आपल्याकडच्या उन्हात आत घाम साचायचा आणि दुपारी बारानंतर महात्म्याच्या मानेवर फुगा यायचा. तेव्हा त्यांना एक खरीखुरी पाठ आणि खरंखुरं टक्कल हवं होतं. मंडळी चतुर्थीला राजूरच्या गणपतीला नारळ फोडायला आली आणि दर्शनाच्या रांगेत त्यांच्या पुढं आमचे हे उभे होते. सदरा घामानं पाठीला चिकटलेला. कानात वायर घातलेली एक असिस्टंट बाई म्हणाली म्हणे, "काका, तुमची पाठ फार ऐतिहासिक आहे."

हे घरी येऊन मला सांगताना असे लाजले की तसे लग्नातसुद्धा लाजले नव्हते.

"मंग तोंड दाखवणार न्हाई का तुमचं?" मी विचारलं.

"तोंडाला तो मुंबईवाला हाय. पाठीमागून समदा मीच."

मी म्हटलं, करा. माझी काय हरकत असणार. माणूस निवृत्त होऊन घरात बसला की बायकोलाही वाटतं, कुठंतरी जावं ह्यांनी. आज वाटतं, तेव्हा आडवं पडायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी मी पेन्शनच्या कामासाठी जालन्याला गेले आणि हे शूटिंगला. तिथं ह्यांचं डोकं चकोट केलं, ते ठीक. पण मिशाही काढल्या. पाठमोऱ्या माणसाच्या मिशा कशाला काढल्या, असं मी नंतर त्या बाईला विचारलं. ती म्हणाली, "कंटिन्युइटी, मॅडम." बरं, काढल्या त्या काढल्या, वर त्या जागी दुसऱ्या, पांढऱ्या, बारीक मिशा डिंकानं चिकटवल्या. दिवसभर कॅमेऱ्यानं त्यांच्या तोंडाकडं ढुंकून बघितलं नाही.

आता आपल्याकडं डोकं आणि मिशा एकदम कधी उतरतात हे काय मी सांगावं? आई नाहीतर बाप गेल्यावर. संध्याकाळी हे गाडीतून उतरून गल्लीत आले ते चकोट डोकं, कोरा ओठ आणि दिवसभर उन्हात चालून उतरलेलं तोंड घेऊन. शेजारणीनं विचारलं, काय झालं? आणि ह्यांनी नुसती मान हलवली, कारण कंपनीनं सकाळीच एका कागदावर सही घेतली होती: शूटिंगबद्दल बाहेर कुणाशी एक शब्द बोलायचा नाही. एवढ्या वर्षांत मी सांगितलेली एक गोष्ट ह्यांच्या पोटात राहिली नाही, पण ती सही मात्र पाळली. आत जाऊन भिंतीकडं तोंड करून झोपून गेले.

झालं. सासरे केव्हाच गेलेले, तेव्हा गल्लीनं ठरवून टाकलं, ह्यांची म्हातारी गेली; डोकं दहाव्याला काढतात, हे त्या गडबडीत कुणाच्या ध्यानात आलं नाही. शेजारीण पिठलं-भाकरी घेऊन आली, कारण सुतकाच्या घरात चूल पेटत नाही. कुणीतरी हसनाबादला माझ्या नणंदेला फोन लावला. तिनं फोनवरच हंबरडा फोडला, वाटूरला विचारून घ्यायचं कुणाला सुचलं नाही. त्या घरच्यांनी जीप काढली, नऊ माणसं भरली आणि मातीला म्हणून ती थेट वाटूरला गेली. सासूबाई तिथं माझ्या धाकट्या दिराकडं असायच्या. मी जालन्याहून घरी पोचले तेव्हा ओट्यावर बारा बाया बसलेल्या होत्या आणि माझ्या गळ्यात पडायला उभ्या राहत होत्या. मी आत जाऊन ह्यांना हलवून उठवलं, पण तोवर जीप पोचली होती.

सासूबाई अंगणात दिव्याखाली सुपात तूर पाखडत बसल्या होत्या. जीप थांबली, नणंद रडत उतरली, समोर आईला बघितलं आणि तिची शुद्ध हरपली. मागच्या आठ जणांना काय करावं सुचेना. त्यातला एक शहाणा बोलून गेला, "मातीला आल्तो." सासूबाईंनी सूप खाली ठेवलं. कुणाच्या, असं विचारलं. मग हळूहळू सगळं कळलं: थोरल्यानं डोकं काढलंय, मिशा काढल्यात, आणि राजूरला त्यांच्या नावानं पिठलंसुद्धा खाऊन झालंय.

मी लगेच सासूबाईंना फोन केला. सिरीज, टोपी, फुगा, सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"बरं केलं," म्हणाल्या. "देशासाठी केलं. पर मी जित्ती असताना त्यानं डोस्कं काढलं. आता तसं बोडकं डोस्कं घेऊन माझ्या दारात यायचं न्हाई. केस येऊ दे. कंगवा फिरायला लागला की ये म्हणावं."

"आत्याबाई, नाटक होतं ते."

"मला कळतं गं. पर बघवायचं न्हाई मला."

त्यांचा राग मला कळला. ऐंशी पार केलेल्या बाईला भरलेली जीप येऊन सांगते की तू मेलीस, तिनं काय हसायचं? मी ह्यांना म्हटलं, तीन महिन्यांचा तर प्रश्न आहे, केस काय, तण आहे, येतील.

पण कसले येतात. शूटिंग चार दिवसांत संपलं आणि निघताना ती कानात वायरवाली म्हणाली, "काका, डोकं असंच ठेवा हं. पॅच शूट राहिलंय, थोडे तुकडे परत घ्यायचेत. कधीही फोन येईल." तो फोन येईल म्हणून आमच्या घरातलं टक्कल जपायला सुरुवात झाली. दर चार दिवसांनी वस्तरा. मी म्हटलं, अहो, नका. हे म्हणाले, शब्द दिलाय. म्हणजे जे काम करायचं होतं पाठीनं, ते ह्यांच्या डोक्यात शिरलं. पहाटे उठायला लागले, माझ्या पोहे-चिवड्यातलं मीठ कमी करायला लागले, आणि खरं बोलायचं असं भूत अंगात आलं की पाहुण्यांना जागच्या जागी सांगायचे, तुम्ही आलात ते मला आवडलं नाही. नोटेवरच्यांच्या घरचे लोक कसे दिवस काढत असतील, हे मला त्या उन्हाळ्यात कळलं.

मे महिन्यात मी म्हटलं, चला, टोपी घालून जाऊ, कोण टोपी काढून बघतंय. हे डोक्याला टोपी आणि वर मफलर गुंडाळून वाटूरला निघाले. बेचाळीस डिग्रीत मफलर. वाटूर फाट्यावर उतरलो, घराच्या कोपऱ्यापर्यंत गेलो आणि हे थांबले.

"मायनं इचारलं, केस आले का, तर काय सांगू?"

"आले म्हणा."

"खोटं?"

मी कपाळावर हात मारला. माणूस आईच्या घरापासून वीस पावलांवर उभा आहे आणि ह्याला सत्य आठवतंय. हे फाट्यावर जाऊन बसले. मी एकटी आत गेले. सासूबाईंनी मला चहा दिला आणि एक डबा भरून शेंगदाण्याची चटणी बांधली. त्याला तिखट कमी लागतं, म्हणाल्या, वेगळी केलीये. तो कुठं आहे हे त्यांनी विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही. फाट्यावर येऊन डबा ह्यांच्या हातात दिला तर ह्यांनी तिथंच उघडून बोटानं चाटून खाल्ली. तेव्हा मला कंपनीचा इतका राग आला की त्या बाईला मी रस्त्यावरून फोन लावला. तिनं उचलला नाही.

दिवाळीच्या आधी भाचीचा फोन आला. "मामी, मामांची सिरीज आली की. आठ दिवस झाले." आठ दिवस. म्हणजे पॅच बिच काही राहिलं नव्हतं, सांगायचं मात्र राहिलं होतं. मला वाटतं त्यांना आठवणही नव्हती की जालना जिल्ह्यात त्यांच्या सांगण्यावरून एक माणूस अजून टक्कल करतोय.

भाचीनं टीव्हीला जोडून दाखवली. आम्ही तीन भाग बघितले. मुंबईवाला लांब बघत होता, बासरी वाजत होती, सगळं जिथल्या तिथं. चौथ्या भागात माळ आला, आपला माळ, गुजरातेत. आणि त्यावरून ह्यांची पाठ गेली. पाच सेकंद. तीसुद्धा संथ करून. शूटिंगच्या वेळी हे नेहमीसारखे भराभरा चालले तर डायरेक्टर ओरडला होता, "काका, हळू, महात्मा आहात." ह्यांनी सांगितलं होतं, "साहेब, ते लई जोरात चालायचे, बाकीच्यांना पळावं लागायचं, मी वाचलंय." डायरेक्टरनं ऐकून घेतलं आणि नंतर मशीनवर चाल हळू केली. पडद्यावर मेंढरांमागचा माणूस दुखऱ्या गुडघ्याच्या म्हाताऱ्यासारखा चालत होता. लगेच पुढून मुंबईवाल्याचं तोंड आलं.

"झालं?" हे म्हणाले.

"झालं, मामा."

हे उठले, आत गेले आणि वस्तरा कागदात गुंडाळून कपाटावर टाकला. मी टीव्ही बंद केला.

त्यानंतर आमच्या घरात केसांचं पीक सुरू झालं. रोज संध्याकाळी सासूबाईंचा फोन. "किती आले गं?" मी सांगायची, तांदळाएवढे. मग, गव्हाएवढे. एकदा म्हणाल्या, "काळे हायेत का पांढरे?" मी म्हटलं, पांढरे. "बापासारखे," म्हणाल्या, आणि खूप दिवसांनी हसल्या. मिशाही भरायला लागल्या होत्या. हे दिवसातून चारदा आरशासमोर. पाचव्या आठवड्यात कंगव्याचे दात केसांत थोडे अडकले. मी फोन करून सांगितलं, आत्याबाई, फिरला कंगवा. त्या म्हणाल्या, "मंग रविवारी या. पुरणाचं करते." फोन ह्यांना दे, असंही म्हणाल्या. ह्यांनी फोन कानाला लावला आणि दोघंही कितीतरी वेळ नुसते हं-हं करत राहिले.

शुक्रवारी सकाळी दिराचा फोन आला. सासूबाई पहाटे झोपेतच गेल्या होत्या.

ह्या वेळी जीप खरी होती आणि हसनाबादची तीच माणसं परत मातीला आली. कुणी कुणाच्या तोंडाकडं बघत नव्हतं. हे आत गेले, टोपी काढून आईच्या उशाशी बसले आणि डोकं खाली वाकवून तसेच राहिले, तिला दिसावं म्हणून. दीर म्हणाला, दादा, उठ. हे उठेनात. त्या वेळी मला त्या सगळ्या टोळीचा, त्या रबरी टोपीचा, त्या बासरीचा संताप आला. आणि ह्यांचाही आला. वीस पावलं होती. एक खोटं बोलले असते तर काय बिघडलं असतं?

दहाव्याला पाण्याकाठी सगळे बसले. न्हावी वाटूरचाच होता, त्याला आमची काही माहिती नव्हती. त्यानं ह्यांच्या डोक्यावर पाणी लावलं, बोटं फिरवली आणि थांबला.

"दादा, केस लई बारीक हायेत. आत्ताच महिना-दीड महिन्यापूर्वी काढल्ते का? घरात दुसरं कोणी गेल्तं?"

"न्हाई," हे म्हणाले. "मायनं बघावं म्हणून वाढवून राह्यलो होतो."