किशोरी सांगून गेली

माझा चुलता तुळशीराम खोटं बोलत नाही, हे आमच्या कोळीवाड्यात लहानथोर सगळ्यांना माहीत आहे, आणि त्याचा सगळ्यांत जास्त ताप मला झालेला आहे. मला बघायला पाहुणे आले तेव्हा माझे वडील हयात नव्हते, म्हणून काकाच पुढे बसला होता. मुलाच्या मामाने सहज विचारलं, मुलगी शिकलीय किती? मी आत चहा गाळत होते. काका म्हणाला, "धाव्वी. दोनदा गणितात गेली, तिसऱ्यांदा सुटली." पाहुणे हसले, सोयरीक जमली, ते वेगळं. पण आज माझी पोर दहावीला आहे आणि माझा नवरा अजून मला चिडवायला 'दोनदा' म्हणून हाक मारतो.

शकूकाकी बोर्लीच्या बाजारात मासळी विकायला बसते. तिथे ती काकाला उभंसुद्धा राहू देत नाही. गिऱ्हाईक पापलेट हातात घेऊन बघायला लागलं, की हा मागून सांगणार, "ताई, कालची हाय ती." काकी त्याला होडीवर पिटाळते. होडी त्याची स्वतःची, बरोबर दोन खलाशी, आणि घरात एकच लेकरू, किशोरी.

किशोरी बी. कॉम. होऊन बंदरावरच्या बर्फाच्या कारखान्यात ऑफिसात लागली. तिथलं मशीन दुरुस्त करायला निकेत यायचा. म्हसळ्याच्या बाजूचा, भातशेती करणाऱ्या कुणब्याच्या घरातला, बोलायला मऊ. आधी महिन्यातून एकदा बिघडणारं मशीन आठवड्याला बिघडायला लागलं, तेव्हाच मी ओळखलं. किशोरीला विचारलं तर ती लाजली नाही, सरळ म्हणाली, "सुचीताई, लग्न याच्याशीच."

आता आमच्या गावकीचा नियम सांगते. गावकी म्हणजे वाड्यातल्या जाणत्या माणसांची बैठक. मुलीचं लग्न जातीबाहेर घरच्यांच्या संमतीने झालं, तर ते घर वाळीत. त्या होडीवर कोणी जायचं नाही, त्या घरचं लग्नकार्य आपलं म्हणायचं नाही. कायद्यात हे बसत नाही, पण कायदा अलिबागला राहतो आणि आम्ही इथे. मुलगी पळून गेली असेल, तर मात्र घरच्यांचा दोष नाही. आईबापांनी देवळात यायचं, देवापुढचा नारळ उचलून 'आम्हाला काय ठाव नव्हतं' म्हणायचं, की झालं. गेल्या पंधरा वर्षांत वाड्यातून सात मुली पळाल्या, आणि सातही घरांत कोणाला काही ठाऊक नव्हतं! त्यातल्या एकीची आई आदल्या दिवशी मुलीबरोबर द्यायला चकल्या तळत होती, मीच सोऱ्या दिला होता. सगळ्यांना सगळं माहीत असतं. नारळ उचलला जातो, फुटतो, खोबरं वाटलं जातं.

पण सात घरांत बाप तुळशीराम नव्हता. त्याला किशोरीने सांगितलं, तर गावकीपुढे तो ते जसंच्या तसं सांगून टाकणार. घर बुडणार. काकीला सगळं माहीत होतं आणि काकी तयार होती. तिने पोरीचे हात धरले, "बाय, जा तू, माझं काय म्हणणं न्हाय. पण बापाला बोलू नको."

किशोरी माझ्याकडे येऊन रडली. "ताई, मी पळून जाईन. पण ज्या माणसानं मला जन्मात एकदाबी फसवलं न्हाय, त्याला फसवून कशी जाऊ?"

मला दोघींचंही पटत होतं.

शेवटी न राहवून किशोरीने प्रयत्न केला. शिमग्यानंतरचे दिवस, काका अंगणात जाळं सांधत बसला होता. मी भिंतीपलीकडे वाळत घातलेली सुकट चाळत होते. किशोरी त्याच्याजवळ बसली, जाळ्याचं टोक धरलं आणि म्हणाली, "बाबा, तुला काय सांगाचं हाय."

काकाची सुई थांबली. मग तो उठला. "होडी बघून येतंय," म्हणाला आणि चालू लागला. होडी तर तो सकाळपासून दोनदा बघून आला होता.

दुसऱ्यांदा जेवताना. ती "बाबा" म्हणाली मात्र, त्याने टीव्हीचा आवाज एवढा वाढवला की शेजारचा नामा ओरडला. टीव्हीवर डाळिंबावरच्या रोगाची माहिती चालली होती. काकाने ती अथपासून इतिपर्यंत ऐकली.

मला राग आला. मी बंदरावर जाऊन त्याला गाठलं. "काका, पोर किती दिवस एवढंसं तोंड करून फिरतेय, ऐक की तिचं!"

काका दोर गुंडाळत होता. माझ्याकडे न बघता म्हणाला, "सुचे, ऐकलं की ते कानात ऱ्हातं. मंग मना गावकीत विचारतील. मी काय सांगू? व्हय सांगितलं तर दोन खलाशांच्या घरची चूल बंद, शकूचा बाजार बंद. न्हाय सांगितलं तर..." त्याने दोराला गाठ मारली. "तिला म्हण, मना कायबी सांगू नको. मी विचारनार न्हाय."

म्हणजे काहीतरी आहे, हे त्याने ताडलं होतं. फक्त काय, कधी, कोणाबरोबर, ते त्याला कानावर येऊ द्यायचं नव्हतं. आयुष्यात पहिल्यांदाच तो पळत होता, आणि तोही पोटच्या पोरीपासून.

गुरुवारी सकाळी किशोरी निघाली. मी तिच्याबरोबर अलिबागला जाणार होते, रजिस्टर लग्नाची साक्षीदार म्हणून. एस्टीच्या आधी ती बंदरावर गेली. काका मांदेली निवडत होता. ती काही न बोलता त्याच्या पाया पडली. साधा गुरुवार, ना सण ना वाढदिवस. काकाने विचारलं नाही. मासळीचा हात तसाच तिच्या डोक्यावर ठेवला आणि जरा जास्त वेळ ठेवला. एस्टीत मी तिच्या केसांतले खवले वेचून काढले. एक राहून गेला असावा, कारण हार घालताना निकेतची बहीण तिला विचारत होती, "हे काय चमकतंय?" किशोरी तेव्हा जी रडली, ती फोटो काढेपर्यंत थांबली नाही.

रविवारी सकाळी देवळात गावकी बसली. गावकीचा म्होरक्या हरेश्वर पाटील मनाने वाईट माणूस नाही. त्याने देवळाबाहेरच काकाला गाठून सांगितलं होतं, "तुळशीराम, एक शब्द बोलाचा. न्हाय म्हणाचं, नारळ उचलाचा, घरी जायाचं." आम्ही बायका खांबाकडे बसलो होतो. शकूकाकीचा जीव पहिल्यांदाच जागेवर होता. तिचंही बरोबर होतं. सात बापांनी जे खोटं सांगितलं, ते हा आठवा खरं सांगणार होता. पोरीने त्याला खरंच काही सांगितलं नव्हतं. देवाला घाबरायचं कारणच नव्हतं.

बैठक सुरू व्हायच्या आधी नामा हळहळला. चांगल्या मनाने हळहळला, पण त्याचा आवाज मोठा. "बिचारा! जल्मभर खरा वागला, आनि पोर बापाला फसवून चोरासारखी गेली."

काकाने मान वळवून नामाकडे बघितलं.

हरेश्वरने विचारलं, "तुळशीराम, किशोरी जानार हाय, हे तिनं तुला सांगितलं होतं काय?"

नारळ ताटात होता. काका उठला, टोपी काढली.

"व्हय," तो म्हणाला. "सांगितलं होतं."

माझ्या बाजूला शकूकाकीने माझा हात असा आवळला, की बांगडी पिचली.

"कवा सांगितलं?" हरेश्वरने पुढे वाकून विचारलं.

"मी जाळं सांधत होतो तवा. माझ्या बाजूला बसून सांगितलं. पोरगा कोन, कुठला, सगळं. मीच बोललो, जा. माझ्या पाया पडून गेली ती, दिवसाढवळ्या एस्टीत बसून. माझी पोर चोर न्हाय."

भिंतीपलीकडे मी होते ना! मला माहीत होतं काय सांगितलं गेलं आणि काय नाही. पण देवळात एकालाही शंका आली नाही. तुळशीराम बोलला, म्हणजे तसंच असणार. साठ वर्षांचा सगळा खरेपणा त्याने त्या एका वाक्यामागे उभा केला.

नारळ ताटातच राहिला. नियम सगळ्यांना पाठ होता, पण 'व्हय' म्हणणारा माणूस आजवर निघालाच नव्हता. हरेश्वर "पुढच्या बैठकीत बघू" म्हणाला आणि माणसं पांगली. फुकट काही सुटलं नाही. दुसऱ्या दिवसापासून दोन्ही खलाशी आले नाहीत, आणि नामाने अंगणातली ये-जा बंद केली. काकाबरोबर आता माझा नवरा जातो. त्याला होडी लागते, ओकतो, तरी जातो.

पण तो रविवार. घरी आल्यावर काकी कडाडली. "जल्मभर मना बाजारात तोंडघशी पाडलंत, एक दिवस खोटं बोलला न्हायत. आनि आज, जवा खरं बोलून सुटाचं होतं, तवाच तुमाला खोटं सुचलं?" आणि रागावता रागावता ती पदर तोंडाला लावून रडायला लागली. मला वाटतं ते रडणं रागाचं नव्हतं. मी तिला रागाने रडताना पाहिलंय, ते वेगळं असतं.

काका ओट्यावर बसला. मला म्हणाला, "सुचे, तिला फोन लाव."

मी लावला आणि त्याच्या हातात दिला. पलीकडून "ताई?" आलं. काका घसा खाकरून म्हणाला, "ताई न्हाय, मी हाय."

"किशे, मी आज खोटं बोललो. देवळात. तू मना सांगून गेलीस, असं सांगून आलो." त्याने फोन दुसऱ्या कानाला लावला. "तर आता सांग."

"काय सांगू, बाबा?"

"जे तवा सांगाला आली होतीस ते. मी उठून गेलो होतो. आता बसलोय."

फोनमधून आधी नुसतं रडणं ऐकू आलं. मग ती बोलू लागली, अडखळत, सुरुवातीपासून. निकेत कोण, कुठला, घरी कोण कोण, मशीन बिघडायचं ते. काका हूं हूं करत होता. मधेच एकदा "मशीन मुद्दाम बिघडवायचा काय?" म्हणाला आणि हसला. शेवटी तिने लहान मुलीसारखं विचारलं, "बाबा, मी गुरुवारी जानार हाय. जाऊ?"

तिच्या लग्नाला तेव्हा तीन दिवस झाले होते.

"जा बाय," काका म्हणाला. "सांभाळून जा."