चुलीवरच्या नूडल्स

शेंगदाणे भाजल्याचा वास आला, की लासुर्ण्यातली एक जुनी दुपार आठवते. ऑपरेशननंतर तुमच्या आजोबांना दोन घासांपुढे जेवण जात नव्हतं, म्हणून सुट्टीला आलेल्या तुमच्यातल्या थोरलीने त्यांच्यासाठी चिकन नूडल्स करायला घेतल्या. आमच्या स्वयंपाकघरात चिकन शिजवत नसत, म्हणून परसातली चूल पेटवली. तिला पीनट सॉस हवा होता. मी लसूण घातलेली शेंगदाण्याची चटणी गरम पाण्यात कालवून दिली. आजोबांनी ताटाकडे पाहिलं. “शेवया झ्याक हायेत पोरी, पण भाकरी कुठं हाय?” तिचा चेहरा उतरला. मी भाकरी वाढली. त्यांनी ती नूडल्समध्ये कुस्करली, सगळं संपवलं आणि ताट तिच्यापुढे धरलं, “वाढ अजून.” माझ्या पाककृतींच्या वहीत त्या नूडल्सच्या साहित्यात पहिलं नाव आजही भाकरीचं आहे.