शेवटचं कडवं राहिलंय

रूपाली, इकडे ये, जवळ बस, कान धरायचाय तुझा. "मावशी, आपली सुजाता गेली गं, झोपेतच..." एवढं फोनवर सांगितलंस, आणि दीड महिना झाला, तुझं तोंड दिसत नाही. दोघींनी मिळून आमच्यावर फिल्म केलीत ना, ती शूटिंग करायची, तू जोडायचीस. मग आता एकटीनेच रडायचं कसलं गं?

तुला ठाऊक आहे, वाचणाऱ्यांना सांगते. सुजाता आमच्याच घाटकोपरच्या वस्तीतली. तिची आई हौसा माझ्याबरोबर गायन पार्टीत कोरसला होती. जयंती असो, कुणाची हळद असो, आम्ही बायका ढोलकी-पेटी घेऊन भीमगीतं गायला हजर. पोर शिकली, मुलुंडला राहायला गेली, आणि हौसा वारल्यावर एक दिवस कॅमेरा घेऊन दारात उभी. मी नवी साडी नेसले, भांडी घासून मांडली, टीव्हीवर रुमाल टाकला. ती हसली. "मावशी, बघायला आलेत का तुला? राहू दे ना घर जसंय तसं." पहिला महिना तिनं कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही. दाराशी स्टुलावर बसून आमच्याबरोबर लसूण सोलायची, आमची भांडणं ऐकायची. मग शूटिंग कधी सुरू झालं, आम्हाला कळलंसुद्धा नाही.

फिल्म झाल्यावर पहिली मला दाखवलीत, माझ्याच खोलीत, तुझ्या लॅपटॉपवर. शेवटी ती स्वतःच त्या स्टुलावर, कॅमेऱ्यासमोर. सांगत होती, शाळेत असताना आईच्या गाण्याची लाज वाटायची. मैत्रिणींना सांगितलं होतं, ती गाणारी बाई माझी कोणी नाही, शेजारीण आहे... माझं डोकंच फिरलं. म्हटलं, "काढ ते. हौसाला काय वाटलं असतं? फिल्म आमच्यावर आहे ना? तू कशाला मधे?" ती एवढंच म्हणाली, "मला आईची माफी मागायची होती, मावशी." आणि तुझ्याकडे वळून, "काढ गं."

परवा नातीने फिल्म लावली. आम्ही सगळ्या आहोत, सुजाता कुठेच नाही. नाव येतं म्हणा शेवटी, पण ते भर्रकन वर पळतं. एकदाच, माझा पदर सारखा करायला तिचा हात आत येतो... तेवढंच मी पाचदा मागे घ्यायला लावलं.

आमच्या गाण्यात शेवटच्या कडव्यात रचणाऱ्याचं नाव येतं. गाताना कुणी ते खाल्लं, तर पार्टीचा नियम ठरलेला: माफी मागायची आणि कडवं परत घ्यायचं. सुजाताचं कडवं मी खाल्लं गं. आणि माफी कुणाकडे मागू आता?

स्टूल अजून दाराशीच आहे. नात त्यावर कपडे ठेवते, मी उचलते. ते कापलेलं तुझ्याकडे असेलच, तू कधी काही टाकत नाहीस. घेऊन ये, जिथलं तिथं लाव. आणि लवकर ये बाई, लसूण मी एकटीच सोलतेय.