काकूंची भिंत

दिवाळीला गावी गेलो, तर गल्लीतली सगळी घरं नव्या रंगात होती. फक्त शेजारच्या सुमनकाकूंची भिंत पोपडे सुटलेली, आणि तिच्यावर गेल्या वर्षीच्या मार्चचं कॅलेंडर.

याच भिंतीला टेकून अभ्यास करत मी आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो. पुढे माझा पहिला सिनेमाही इथेच केला. निर्माता मीच, दिग्दर्शकही मीच. एक प्रसंग अर्धा राहिला, तेव्हा काकूंना बजावलं होतं, "मी परत येईपर्यंत भिंतीला हात लावू नका, पडद्यावर फरक दिसतो." नंतर संकलनात तो प्रसंगच काढून टाकला. काकूंना कळवायचं राहून गेलं.

"काकू, कॅलेंडर तरी बदलायचं!"

"वा रे! आणि तुझा सिनेमा बिघडला असता तर? सूनबाई रोज कुरकुरते, पाहुणे हसतात म्हणून. म्हटलं, हसू देत. आपल्या पोराचं काम आहे."

पडद्यावरची वस्तू जागची हलू नये म्हणून मी किती जपतो. माणसांना कुठे थांबवून आलो, ते मात्र विसरतो.

खरं सांगायला तोंड उघडलं, तेवढ्यात काकूंनीच विचारलं, "झालं ना रे तुझं? रंगवू का आता?"

भिंत त्यांच्या घराची, आणि परवानगी त्या माझी मागत होत्या.