तत्सम काम

माझ्या दादाला गवंडी लोक 'ओळंबा' म्हणायचे. भिंत जराशी कलती दिसली की त्याला राहवायचं नाही, मग ती कुणाचीही असो. माझ्या सासरी पहिल्यांदा आला तेव्हा चहाचा कप हातात धरून त्याने विचारलं, "ही खिडकी कुणी बसवली हो?" ती मामंजींनी स्वतः बसवली होती. मी स्वयंपाकघरात तोंड लपवून बसले.

उभा जन्म त्याने दुसऱ्यांच्या हाताखाली कामं केली. इमारत दादा बांधायचा, पाटी मोठ्या ठेकेदाराची लागायची. स्वतःच्या नावावर म्हणावं असं एकच काम होतं, एका खासगी शाळेची इमारत. पन्नाशी आली तशी त्याच्या मनाने एकच गोष्ट घेतली, की एक तरी सरकारी काम आपल्या नावाने करायचं. "दुसरं काही मागणं नाही बघ," असं तो मला म्हणायचा.

सरकारी दवाखान्यात बाळंतिणींसाठी नवी इमारत निघाली, तेव्हा त्याने निविदा भरायला घेतली. संध्याकाळी मला फोन केला.

"तुझं मराठी चांगलं. 'तत्सम कामाचा अनुभव' मागितलाय. तत्सम म्हणजे काय गं?"

"व्याकरणात म्हणजे संस्कृतातून जसाच्या तसा आलेला शब्द."

"अगं, मी विटा रचतो. संस्कृत कुठून आणू?"

"दादा, तत्सम म्हणजे त्यासारखं."

"त्यासारखं होय! मग शाळा आहे की. खोल्या, जिना, छप्पर, संडास. बाळंतिणी काय तंबूत ठेवणार आहेत?"

पाकिटं उघडली आणि दादाचाच दर सगळ्यांत कमी निघाला. वहिनीने देवापुढे हात जोडले, इकडे मीही जोडले. पण आठवड्याने कार्यालयातून निरोप आला, की तत्सम म्हणजे दवाखानाच, शाळा चालणार नाही. निविदेत असं कुठेच लिहिलेलं नव्हतं. हा अर्थ पाकिटं उघडल्यावर जन्माला आला होता. काम त्याच मोठ्या ठेकेदाराला गेलं, कारण त्याच्याकडे दवाखाना बांधल्याचा दाखला होता. तो दवाखाना दादानेच बांधला होता.

"हसू की रडू?" वहिनी म्हणाली.

"कोर्टात जाऊ," दादा म्हणाला.

वकीलबाईंनी आधीच नीट समजावलं. "काका, काम कुणाला द्यायचं हे कोर्ट ठरवत नाही. देताना नियम पाळले का, एवढंच बघतं."

"म्हणजे पंच."

"तसंच समजा."

"पंचाने लवकर शिट्टी वाजवावी म्हणजे झालं. नाहीतर पोरं खेळून घरी जाऊन जेवतात."

काम थांबवायची विनंती कोर्टाने मान्य केली नाही, निकालापर्यंत काम चालू राहील म्हणाले. तारखा पडत राहिल्या आणि तिकडे भिंती चढत राहिल्या. दादा बाजारात जायला लांबच्या गल्लीने जाऊ लागला. त्याचे गवंडी एकेक करून त्याच इमारतीवर कामाला लागले. सगळ्यांत जुना मिस्त्री सांगायला आला तेव्हा चपला न काढता दारातच उभा राहिला. दादाच म्हणाला, "अरे जा. पोट काय कोर्टाची तारीख बघतं का?"

मी रोज देवाला म्हणायचे, निकाल आमच्या बाजूने लागू दे.

तसा तो लागला. न्यायाधीशांनी भर कोर्टात सांगितलं, की अर्थ मागाहून बदलणं चूक, शाळेचं काम धरायलाच हवं होतं, या माणसावर अन्याय झाला. वहिनीने माझा हात घट्ट धरला. मग ते 'पण' म्हणाले. पण इमारत छपरापर्यंत आली आहे. आता काम काढून घेतलं तर हाल बाळंतिणींचे होतील. तेव्हा आहे ते तसंच राहू द्यावं, आणि कार्यालयाने यापुढे अटी स्पष्ट लिहाव्यात.

बाहेर आल्यावर वहिनीने विचारलं, "अहो, आपण जिंकलो ना?"

"हो," दादा म्हणाला. "जिंकलो की."

मी देवाला दोष देत नाही. मागितलं तेवढं त्याने दिलं. मला मागताच आलं नाही.

महिन्याभराने मोठ्या ठेकेदाराचा निरोप आला. आतल्या गिलाव्याला दादासारखा हात मिळत नव्हता. वहिनी म्हणाली, "जाऊ नका. उपाशी राहू." त्याने गिलाव्याची थापी काढून ठेवली. सोमवारी निघाला. सासूबाईंचं औषध आणायला मला दवाखान्यातच जायचं होतं, म्हणून मी बरोबर चालले. वाटेत तो माझ्या मुलांच्या अभ्यासाचं विचारत होता, पण उत्तरं ऐकत नव्हता.

नव्या इमारतीच्या फाटकावर पहारेकरी होता, नवा माणूस. त्याने दादाला हाताने अडवलं.

"कुणाचा माणूस?"

दादाने हातातली थापी या हातातून त्या हातात घेतली.

"मोठ्या ठेकेदारांचा," तो म्हणाला.

"मग तसं सांगायचं ना राव. जा आत."

दादा गेला. मी तिथे उभी आहे हे त्याला ठाऊक होतं, म्हणूनच त्याने मागे पाहिलं नाही.