बियाण्याच्या भोपळ्याचा पास्ता

बियाण्याला म्हणून ठेवलेला भोपळा मी कापला.

आमच्याकडं बाईमाणूस अख्खा भोपळा चिरत नाही. पहिला घाव पुरुषानं घालायचा, पुढचं बायका बघतात. स्वयंपाकघरात माझा मान तेवढाच. पण पंचवीस वर्षं असे घाव घालून घालून आपल्याला स्वयंपाकातलं बऱ्यापैकी कळतं, असा माझा समज झालेला. त्यामुळं विचारायचं कुणाला आणि कशाला? कोपऱ्यात दोन भोपळे होते. त्यातला मोठा, देठ वाळलेला निवडून उचलला. देठाला बायकोनं लाल दोरा बांधला होता. मला वाटलं, दसऱ्याचा राहिला असेल.

दोन फाकी झाल्यावर दारात बसलेले आबा, म्हणजे माझे वडील, म्हणाले, "बियाण्याचा व्हता त्यो."

"मग आधी सांगायचं न्हाय का?"

"तुझा रुबाब बघून गप बसलो. म्हटलं, घरधनी हाय, ठाऊक आसंल."

मग त्यांनीच सांगितलं, की पिकलेलं फळ हाय, बी वाया जात न्हाय, राखंत घोळून वाळत घाल. मी बिया तशा कागदावर घातल्या. तेवढ्यानं गुन्हा निम्मा झाला.

बायको घरात नव्हती. चार वाजले की ती बागेत जाते, तशी गेली होती. बाग मात्र तिथं नव्हती. दोन वर्षं तेल्या रोगानं डाळिंबाची बाग नासवली. फवारण्या झाल्या, छाटण्या झाल्या, ज्यानं जे सांगितलं ते झालं. शेवटी चार दिवसांपूर्वी जेसीबी लावून सगळी झाडं उपटली आणि बांधाला नेऊन जाळली. ही झाडं लावली तेव्हा ठिबक नव्हतं. पहिला उन्हाळा तिनं रोपाला रोप हंड्यानं जगवलं होतं.

जेसीबी चालू होता तेव्हा ती रडली नाही. ड्रायव्हरला चहा दिला, दुपारी भाकरी वाढली, "कालवण तिखट न्हाय ना?" असंही विचारलं. मीही रडलो नाही. मला काहीच होईना. पाय जडावून मुंग्या येतात ना, तसं आख्ख्या अंगाला झालं होतं. त्या दिवसापासून ती आम्हाला वाढते, स्वतःच्या ताटात चतकोर भाकरी मोडते आणि ताट उचलते. विचारलं तर म्हणते, "जेवले की." भांडली असती तर मला जमलं असतं, त्याची सवय आहे. आता तिनं एकदा पोटभर जेवावं, एवढंच मला हवं होतं.

गणपतीत पोरगी पुण्याहून आली होती तेव्हा तिनं पास्ता केला होता. माझ्या बायकोनं दुसऱ्यांदा मागून घेतलेला परका पदार्थ तो एकच. म्हणून इंदापुरातून पाकीट आणलं होतं आणि भोपळा कापायच्या आधीच पोरीला फोन लावला होता.

"पप्पा, तुम्ही? गॅस कुठून चालू होतो ते माहितीय का?"

"शिकवायचं तर शिकव."

"बरं. आता भोपळ्याचे दिवस आहेत, त्याचाच सॉस करा. लसूण घालून भाजायचा आणि मिक्सरला फिरवायचा. क्रीम आहे?"

"साय हाय."

"चालेल. थाईम?"

"त्यो कोण?"

"राहू दे. ओव्याची पानं घाला दोन. जायफळ किसा थोडंसं. आणि शेवटी वरून डाळिंबाचे दाणे..."

ती थांबली. फोनमध्ये तिच्या ऑफिसातली कुणीतरी हसत होती, ते ऐकू येत राहिलं.

"नको," ती म्हणाली. "शेंगदाणे घाला, भाजून. आई जेवली की सांगा मला."

मग भोपळा कापला, तो प्रकार सांगितलाच. लसूण घालून भाजला, मिक्सरला फिरवला, साय आणि ओव्याची पानं घातली. जायफळ किसताना बोट किसलं, ते धुतलं. चाखून बघितलं तर गोडमिट्ट. आपल्या माणसाच्या घशाखाली हे उतरायचं नाही म्हणून चमचाभर काळा मसाला टाकला. मग तिखट झालं म्हणून साय. मग पांचट झालं म्हणून मीठ. तासभर मी त्या पातेल्याशी असा हिशेबानं लढलो, जणू पीएचडीच करतोय. पास्ता उकडून त्यात घातला आणि आबांना वाटीत दिलं. त्यांनी दोन घास खाल्ले, तोंडातल्या तोंडात फिरवले.

"पिठलंच हाय. फकस्त नळ्या घातल्यात."

"चांगलं हाय का?"

"मी जेवलोय आधीच," आबा म्हणाले. ते जेवले नव्हते.

दिवेलागणीला बायको आली. पायाला काळी राख होती. पाय धुऊन आत आली, कागदावरच्या बिया तिनं बघितल्या, दोरा बघितला, माझ्याकडं बघितलं. मी बोलणी खायच्या तयारीत उभा. तिनं कागदाची दुमडलेली कड तेवढी सरळ केली. मी पाट मांडला, ताट वाढलं. ती बसली.

पहिला घास घेतला. दुसरा घेतला. मी समोर बसून तिच्या तोंडाकडं बघत होतो, बोर्डाचा निकाल लागायचा असल्यासारखा. ती सावकाश खात होती. चेहऱ्यावर हललं काही नाही. ना बरं, ना वाईट. पण ती थांबली नाही. ताट पुसून संपलं तेव्हा मी विचारलं, "कसं झालंय? मसाला जास्त झाला का? जायफळ लागतंय?"

तिनं रिकामं ताट माझ्यापुढं सरकवलं.

"चव कशाची कळंना झालीया मला चार दिस," ती म्हणाली. "गरम हाय, तेवढं कळलं. वाढा आनिक."