तांबडा चंद्र थांबलेला असताना

ताईला जाऊन अजून वर्ष व्हायचं होतं. ती आषाढात गेली, आणि यंदा मध्ये अधिक महिना आल्यानं तिची तिथी आणखी लांबली होती. फाल्गुनात काका आमच्या हसनाबादच्या घराच्या ओट्यावर बसले आणि म्हणाले, "वर्षश्राद्ध अलीकडं ओढून घेऊ. आमच्या पोराचं लग्न वैशाखात धरलंय."

आमच्याकडं तशी रीत आहे. घरातलं माणूस गेलं की वर्षभर मंगलकार्य होत नाही. करायचंच असेल तर उरलेली मासिक श्राद्धं आणि वर्षश्राद्ध एका दिवसात उरकतात आणि वर्ष झालं असं धरतात. ताईचं लग्न झालेलं नव्हतं. वडील तिच्या आधीच गेलेले. तिचं सगळं मीच केलं होतं, तेव्हा आता पाटावर बसून तिचं वर्ष संपलं म्हणायचं तेही मीच.

"मी बसणार नाही," मी म्हणालो.

"काहून?"

"वर्ष झालेलं नाही म्हणून."

काका हसले. "अरे बाबा, गुरुजींला इचारून आल्तो मी. बराबर बसतंय शास्त्रात. एवढी पुस्तकं वाचतो तू, अन् एवढं ठाव न्हाई?"

काकू आतून म्हणाल्या, "अंबडचं कार्यालय किती मुश्किलीनं भेटलंय! आखाड लागला की मंग दिवाळीपस्तोर मुहूर्तच न्हाईत."

"तेच म्हणून राह्यलो," काका म्हणाले. "गेलेल्या माणसाला काय जल्दी अन् काय उशीर?"

आई भिंतीला टेकून शेंगा सोलत होती. तिचं ते न बोलणं काकांनी होकार म्हणून घेतलं, आणि त्याचा राग मला काकांइतकाच आईचाही आला.

ताई आणि मी लहानपणी एक देश रचला होता. त्याला आम्ही नुसतं 'पल्याड' म्हणायचो. तिथं सूर्य नव्हता, चंद्र दोन होते. पांढरा चपळ, त्याची एक फेरी म्हणजे एक महिना. महिन्यांना नावं ताईनं दिली होती: बोरांचा महिना, धुक्याचा महिना, आंधळ्या माशांचा महिना, पाहुणे न येण्याचा महिना. दुसरा चंद्र तांबडा आणि आळशी. तो फिरून परत आपल्या जागी आला की वर्ष पुरं व्हायचं. पल्याडला कुणी कुणाचं वय विचारत नसे. "तुझा तांबडा कुठवर आला?" असं विचारत.

गोठ्याच्या भिंतीत आम्ही खिळ्यांचं एक मोठं वर्तुळ ठोकलं होतं. पांढरा चंद्र म्हणजे शर्टाचं बटण, तांबडा म्हणजे लोणच्याच्या बरणीचं लाल झाकण. ताई रोज संध्याकाळी त्यांना सरकवायची; आई तिथंच धार काढत असायची. मला हात लावायची परवानगी नव्हती. "तू घाई करतोस," ती म्हणायची.

मग आमचा एक म्हातारा बैल मेला. त्याच आठवड्यात काकांनी बाजारातून दुसरा आणला, त्याच दावणीला बांधला, आणि त्याला मेलेल्याच्याच नावानं हाक मारायला लागले. ताईनं त्या दिवशी पल्याडचा नियम केला: कुणी मेलं की तांबडा थांबतो. पांढरा फिरत राहतो, महिने येतात-जातात, पण वर्ष पुढं जात नाही. आणि मेलेल्यावर ज्याचा जीव होता, त्यानंच "चल" म्हटल्याशिवाय तांबडा हलत नाही. राजानं सांगितलं तरी नाही. पेरण्या झाल्या, नवा बैल रुळला, तरी झाकण त्याच खिळ्यावर. एका संध्याकाळी तिनं स्वतःच ते पुढं सरकवलं. कुणी सांगितलं नव्हतं.

ताईच्या दहाव्यानंतर मी गोठ्यात गेलो. जुन्या डब्यात ते झाकण सापडलं. सर्वांत वरच्या खिळ्याला अडकवलं.

हे मी काकांना कसं सांगणार होतो? चाळिशीतला, जालन्यात ग्रंथालयात नोकरी करणारा माणूस मी. सांगितलं असतं तर त्यांनी ते लग्नाच्या पंगतीत हसत हसत सांगितलं असतं. पंचांगानं तिला एक महिना जास्त दिला होता. काकांनी तो तर घेतलाच, वर आणखीही कापून घेतले. बदनापूरच्या शाळेत पोरांना शिकवून संध्याकाळी दमून घरी येणाऱ्या माझ्या बहिणीनं जिवंतपणी या घरात कधी कुणाचा खोळंबा केला नाही. मेल्यावर तिला एक सबंध वर्ष मिळू नये? लग्न करा, वाजतगाजत करा, मी आडवा येत नव्हतो. पण तिच्या जाण्यानं तुमचं काहीच अडलं नाही, एवढं तरी उघड म्हणा. ते धर्माच्या नावानं म्हणायचं आणि वर मला पाटावर बसवायचं, याचा मला संताप होता. अजून आहे.

मी बसलो नाही. चैत्रात काका बसले. मी त्या सकाळी गावी गेलो ते फक्त आईसाठी. पानं वाढली, दक्षिणा झाली. काकांनी हात धुतले आणि लगेच मांडववाल्याला फोन लावला.

मी गोठ्याकडं गेलो. लग्नासाठी सगळ्या घराला चुना मारला होता, गोठ्यालाही. खिळे चुन्याखाली पांढरे झाले होते. झाकण नव्हतं. मी बाहेरच्या कचऱ्यात पाहिलं, उकिरड्यावर काठीनं उकरून पाहिलं. काकांना जाऊन काय बोलायचं ते शब्दसुद्धा ठरले होते, आणि ते चांगले नव्हते.

आई मागून आली. तिनं पदराची गाठ सोडली. आत झाकण होतं.

"चुनावाल्यानं काढून फेकल्तं," ती म्हणाली. "कोणत्या खिळ्याला होतं?"

"वरच्या."

ती गव्हाणीच्या कठड्यावर चढायला लागली. मी तिला धरलं. तिनं झाकण अडकवलं, नीट बसलं का ते बोटानं दाबून पाहिलं. ओट्यावरून काका हाक मारत होते, "वहिनी, ओ वहिनी! आता तुळशीपुढं रांगोळी घाला, झालं वर्ष!"

आई खाली उतरली.

"मी न्हाई आणखी चल म्हणले," ती म्हणाली, आणि रांगोळी न घालता आत गेली.